भाजलेला हात बरा झाला. आता कागद बघा

हात भाजला होता. पट्ट्या झाल्या, औषधं झाली. कुणाला मांडीची कातडी काढून हाताला लावावी लागली. आता जखम भरली आहे. घरच्यांनी सुटकेचा श्वास सोडला आणि दवाखान्याची फाईल कपाटावर गेली.

ती एकदा खाली काढा. डिस्चार्ज कार्डावर निदानाची ओळ असते, ती वाचा. तिच्याशेजारी किंवा विम्याच्या फॉर्मवर एक इंग्रजी अक्षर आणि दोन-तीन आकडे असतील. तो आजाराचा कोड. पुढे क्लेम करताना, ऑपरेशनच्या वेळी, दाखला काढताना तुमच्या हाताबद्दल परका माणूस सगळ्यात आधी तोच वाचतो. तुमचा हात त्यानं पाहिलेलाही नसतो.

कोड डॉक्टरांच्या मनचा नसतो. जागतिक आरोग्य संघटनेनं आजारांची एक मोठी यादी केली आहे. तिला आयसीडी म्हणतात. आपल्याकडे विम्याच्या फॉर्मवर तिची दहावी आवृत्ती मागतात. अकरावीही आली आहे, १ जानेवारी २०२२ पासून. पण तुमच्या हातात पडणाऱ्या फॉर्मवर बहुधा दहाच दिसेल.

यादी पाठ करायची गरज नाही. एवढंच लक्षात ठेवा की भाजलेल्या हाताची नोंद तीन तऱ्हांनी होते, आणि तिन्हींचा अर्थ अगदी वेगळा आहे.

पहिली, ताजं भाजणं. खांद्यापासून मनगटाच्या वरपर्यंत भाजलं असेल तर कोड टी२२ ने सुरू होतो. मनगट आणि पंजा भाजला असेल तर टी२३. जखम उघडी आहे, ड्रेसिंग चालू आहे, तोवर हाच कोड. तीन महिने झाले तरी जखम भरत नसेल तर ती ताजीच धरतात. किती दिवस झाले यावर ते ठरत नाही.

दुसरी, जखम भरली पण मागे त्रास ठेवून गेली. कोपर सरळ होत नाही. बोटं तळव्याकडे ओढली गेली आहेत. व्रण जाड होऊन वर आला आहे, खाजतो, ताणला की चिरतो. इथे दोन कोड लागतात. आधी आज जो त्रास आहे त्याचा: नुसता व्रण असेल तर एल९०.५, जाड वाढलेला व्रण असेल तर एल९१.०, सांधा आखडला असेल तर एम२४.५. त्यानंतर तो कशामुळे आला त्याचा: टी९५.२, म्हणजे हात भाजल्याचे मागे राहिलेले परिणाम.

तिसरी, काहीच त्रास नाही. डाग आहे, पण हात पूर्वीसारखा चालतो. तुम्ही मधुमेहासाठी दवाखान्यात गेलात आणि डॉक्टरांनी विचारलं, हाताला काय झालं होतं? ही नुसती मागची हकिकत. तिचा कोड झेड८७ मध्ये येतो.

घोळ होतो तो बहुतेक वेळा पहिली आणि दुसरी यांच्यात. का होतो, तेही समजून घ्या. कोड भरणारा माणूस बहुधा इन्शुरन्स डेस्कवर बसलेला असतो. त्याच्यापुढे फाईलींचा ढीग असतो. डॉक्टरांनी घाईत ‘बर्न, राइट आर्म’ एवढंच लिहिलेलं असतं. तो यादी उघडतो, बर्न बघतो, टी२२ टाकतो. त्याचा दोष नाही. त्याला मिळालेल्या शब्दांचा तोच कोड होतो. म्हणून तुमचं काम कोड निवडायचं नाही. डॉक्टरांच्या हातून शब्द पूर्ण लिहिले जातील एवढं बघायचं.

एक उदाहरण घेऊ. समजा, तुमच्या सुनेच्या उजव्या हातावर तीन वर्षांपूर्वी कढईतलं तेल सांडलं. जखम भरली, पण कोपराच्या आतल्या बाजूची कातडी हळूहळू ओढली गेली. आता हात पूर्ण सरळ होत नाही. वरच्या फळीवरचा डबा काढता येत नाही, केसांची वेणी घालता येत नाही, बसमध्ये दांडी धरता येत नाही. सर्जन म्हणाले, ओढलेली कातडी सोडवावी लागेल, तिथे नवी कातडी बसवावी लागेल.

आता फाईलमध्ये ‘बर्न, राइट आर्म’ असं लिहिलं तर विमा कंपनी विचारते: कधी भाजलं? अपघाताचे कागद कुठे आहेत? ताजी जखम असून ड्रेसिंगचं बिल कसं नाही? प्रश्नाला प्रश्न लागत जातात आणि ऑपरेशनची तारीख पुढे जाते.

फाईलमध्ये ‘स्कार रिव्हिजन’ एवढंच लिहिलं तर त्याहून वाईट. म्हणजे व्रण सुधारणे. वाचणाऱ्याला वाटतं, बाईंना हात छान दिसायला हवा आहे. सौंदर्यासाठी केलेली प्लॅस्टिक सर्जरी आरोग्य विम्यात बसत नाही. क्लेम तिथेच अडकतो.

पण त्याच नियमात तुमच्या बाजूचं एक वाक्य आहे. ते फार थोड्या लोकांना माहीत असतं. पॉलिसीच्या कागदात न मिळणाऱ्या गोष्टींची यादी असते. तिच्यात आठव्या क्रमांकाला, ‘एक्सक्ल०८’ या खुणेखाली, सौंदर्य शस्त्रक्रिया नाकारलेली असते. मात्र अपघात, भाजणं किंवा कॅन्सर यांच्यानंतर अवयव पूर्ववत करण्यासाठी केलेली शस्त्रक्रिया त्यातून वगळलेली आहे. भाजणं हा शब्द तिथे स्पष्ट लिहिलेला आहे. आपल्या पॉलिसीत ते पान शोधा आणि पेन्सिलीनं खूण करून ठेवा.

मग फाईलमध्ये काय असावं? ‘पोस्ट बर्न कॉन्ट्रॅक्चर, राइट एल्बो’ हे शब्द असावेत. म्हणजे भाजल्यामुळे उजवं कोपर आखडलं आहे. कोपर किती अंशांपर्यंत सरळ होतं, तो आकडा असावा. कधी आणि कशानं भाजलं, ते असावं. रोजच्या कोणत्या कामात अडचण येते, ते असावं. आणि ही शस्त्रक्रिया हाताच्या हालचालीसाठी गरजेची आहे, दिसण्यासाठी नाही, असं डॉक्टरांच्या सहीनं असावं. चार-पाच ओळींचा कागद होतो. तो आधी मागा. क्लेम नाकारल्यावर मागायला गेलात तर डॉक्टर देतीलही, पण तेव्हा तो मागाहून जोडलेला कागद ठरतो.

डावा की उजवा, हे नेहमी अक्षरात लिहून घ्या. आपल्याकडे वापरतात त्या यादीत टी२२ म्हटलं की हात कळतो, कोणता हात ते कळत नाही. भांडी घासणारा, सुतारकाम करणारा, शिवणयंत्र चालवणारा उजवा हात आखडला तर घराचं काय होतं, हे तुम्हाला सांगायला नको.

मुलं अमेरिकेत असतील तर तिकडची तऱ्हा जरा वेगळी. तिकडे याच यादीची मोठी केलेली आवृत्ती वापरतात. तिच्यात हाताची बाजूही कोडात येते आणि कोडाच्या शेवटी एक अक्षर जोडतात. ‘ए’ म्हणजे चालू उपचार, ‘डी’ म्हणजे भरत आलेल्या जखमेची पुढची तपासणी, ‘एस’ म्हणजे मागे राहिलेला परिणाम. बिल अडलं तर मुलाला सांगा, हॉस्पिटलच्या बिलिंग ऑफिसला फोन कर आणि शेवटचं अक्षर तपासायला सांग. चूक निघाली तर ते दुरुस्त क्लेम पुन्हा पाठवतात.

आता तारखांचं बघू. भाजलेल्या हाताच्या क्लेममध्ये दोन तारखा महत्त्वाच्या. भाजलं ती, आणि पॉलिसी पहिल्यांदा सुरू झाली ती. दोन्ही एका कागदावर शेजारी शेजारी लिहा.

पॉलिसी आधीची असेल, मध्ये खंड पडला नसेल आणि भाजलं नंतर, तर जुना आजार म्हणून कुणी बोट दाखवू शकत नाही. भाजलं आधी आणि पॉलिसी नंतर घेतली, तर मात्र पॉलिसी घेण्याआधीच्या ३६ महिन्यांत त्याचं निदान किंवा उपचार झाले होते का, हे बघतात. झाले असतील तर तो आधीपासूनचा आजार धरला जातो आणि थांबावं लागतं. हे थांबणं जास्तीत जास्त तीन वर्षांचं. विमा नियामकांनी २०२४ मध्ये ते चारवरून तीनवर आणलं.

इथेच एखादा शहाणा माणूस भेटतो. तो कानात सांगतो, ‘नवीन अपघात दाखवा, अपघाताला पहिल्या दिवसापासून क्लेम मिळतो.’ त्याचं ऐकू नका. भरलेला व्रण आणि ताजी जखम यांतला फरक कंपनीच्या डॉक्टरला फोटोतही दिसतो. खोटं निघालं तर क्लेम जातोच, वर पॉलिसीही रद्द होऊ शकते. मग घरातल्या सगळ्यांचं छत्र गेलं. तुम्ही डॉक्टरांकडे पूर्ण लिहून मागा, जास्तीचं मागू नका.

नवी पॉलिसी घेतानाही हेच. प्रपोजल फॉर्ममध्ये पूर्वीच्या ऑपरेशनबद्दल आणि दवाखान्यात भरती झाल्याबद्दल विचारतात. एजंट म्हणतो, ‘राहू द्या हो, जुनी गोष्ट आहे.’ राहू देऊ नका. दोन ओळी लिहा: अमुक साली डावा हात भाजला, कातडी बसवली, पूर्ण बरा आहे, सध्या उपचार नाहीत. तुमचा हप्ता यानं वाढेलच असं नाही. पण न लिहिल्याचा ठपका तुमच्यावरच येतो, एजंटवर नाही. सलग ६० महिने पॉलिसी चालल्यावर माहिती लपवली म्हणून क्लेम नाकारता येत नाही. फसवणूक सिद्ध झाली तर मात्र गोष्ट वेगळी. पाच वर्षं जीव मुठीत धरून बसण्यापेक्षा दोन ओळी लिहिणं सोपं.

क्लेमचा फॉर्म दोन भागांत असतो. पार्ट-ए तुम्ही भरायचा, पार्ट-बी हॉस्पिटलनं. पार्ट-बी मध्ये आयसीडी १० चे रकाने असतात: मुख्य निदान, जोडीचं निदान, सोबतचे आजार. लोक पार्ट-बी बघतच नाहीत. हॉस्पिटलचा शिक्का बसलाय, म्हणजे बरोबरच असणार, असं धरतात. तुम्ही बघा. कोपर आखडलं म्हणून ऑपरेशन झालं आणि मुख्य निदानापुढे टी२२ किंवा टी२३ दिसला, तर काउंटरवरच विचारा: ‘दादा, जखम तर तीन वर्षांपूर्वीच भरली आहे. ही ताज्या भाजण्याची नोंद तर झाली नाही ना? डॉक्टरांना एकदा विचारता का?’ आवाज चढवू नका. माणूस बहुधा फाईल पुन्हा उघडतो.

त्याच फॉर्मवर इजा कशी झाली याचीही चौकट असते. स्वतःहून करून घेतली, रस्त्यावरचा अपघात, नशेत झाली, असे पर्याय असतात. पोलिसांत नोंद झाली का, हेही विचारतात. भाजल्याची केस दवाखान्यात बऱ्याचदा मेडिको-लीगल म्हणून नोंदवली जाते. त्यात घाबरण्यासारखं काही नाही. तो एमएलसी नंबर मात्र लिहून ठेवा. वर्षांनंतर ऑपरेशन करताना, खरंच भाजलं होतं, अमुक दिवशी भाजलं होतं, याचा तोच पुरावा.

आणि कारण खरं सांगा. उकळतं पाणी, तेल, फटाका, गॅस, जे असेल ते. या प्रत्येकाचा वेगळा कोड आहे. ॲसिडनं किंवा दुसऱ्या रसायनानं जळलं असेल तर टी२२ मध्येच पुढचा आकडा बदलतो. कुणी मुद्दाम भाजलं असेल, तर घरची अब्रू म्हणून ‘स्टोव्हचा भडका’ असं लिहवून घेऊ नका. ॲसिड हल्ला झालेल्यांना २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात वेगळं स्थान आहे. सरकारी असो की खासगी, कोणत्याही हॉस्पिटलनं त्यांच्यावर ताबडतोब मोफत उपचार करायचे असा कायदा आहे. खोट्या कारणापायी हे सगळं हातचं जातं.

डिस्चार्जचा दिवस गडबडीचा असतो. गाडी खाली उभी असते, बिल भरायचं असतं, पेशंट कंटाळलेला असतो. तरी दहा मिनिटं बसा. डिस्चार्ज कार्ड वाचा. इंग्रजी जमत नसेल तर शिकलेल्या मुलाला फोटो पाठवा. नाव, वय, हाताची बाजू, भाजल्याची तारीख, निदान, एवढं जुळलं पाहिजे. चूक दिसली तर स्वतःच्या पेनानं दुरुस्त करू नका. खाडाखोड केलेला कागद कुणी मानत नाही. डॉक्टरांकडून दुरुस्त करून, सही-शिक्का घेऊन मगच निघा. घरी आल्यावर चूक कळली तर एक साधा अर्ज लिहा, पोच घ्या.

सरकारी योजनेतून उपचार घेत असाल तर हॉस्पिटलमध्ये आरोग्यमित्र असतो. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत भाजलेल्या रुग्णांसाठी ठरलेली पॅकेजेस आहेत. तिथेही निदान आणि पॅकेज जुळावं लागतं. ऑपरेशन हालचाल सुधारण्यासाठी आहे हे कागदावर असू द्या. आरोग्यमित्राला भरती होण्याआधी भेटा, नंतर नाही.

लहान मूल भाजलं असेल तर फाईल जास्तच जपा. मूल वाढतं. व्रण त्याच्याबरोबर तेवढा वाढत नाही. पाचव्या वर्षी सरळ होणारं कोपर दहाव्या वर्षी ओढलं जाऊ शकतं, आणि पुन्हा ऑपरेशन लागू शकतं. हॉस्पिटलनं कागद किती काळ ठेवायचे? नियम उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षांचा. पुढे तुम्ही मागायला गेलात आणि ‘रेकॉर्ड नाही’ म्हणाले तर वाद घालून उपयोग नाही. म्हणून आत्ताच सगळ्या कागदांच्या प्रती मागा. मागितल्यापासून ७२ तासांत त्या द्यायच्या असतात. मूळ प्रत घरात, एक झेरॉक्स नातेवाइकाकडे, फोटो मोबाइलमध्ये. थर्मल कागदाची बिलं दोन वर्षांत पांढरी होतात. त्यांची झेरॉक्स काढाच.

हाताचे फोटोही काढा. भाजल्यानंतरचा, पट्टी सुटल्यावरचा, आत्ताचा. हात जेवढा सरळ होतो तेवढा करून, बाजूनं. असा एक फोटो पानभर मजकुरापेक्षा कामाला येतो.

आता टक्क्यांची गोष्ट. यात भलेभले फसतात. डिस्चार्ज कार्डावर ‘९ टक्के बर्न्स’ लिहिलेलं असतं. लोक ते घेऊन दिव्यांग दाखल्यासाठी जातात. किंवा उलट, ‘आपलं नऊच टक्के आहे’ म्हणून जातच नाहीत. ते नऊ टक्के म्हणजे शरीराच्या कातडीचा किती भाग भाजला, ते. मोठ्या माणसाचा एक पूर्ण हात, खांद्यापासून बोटांपर्यंत, साधारण ९ टक्के धरतात. हात किती निकामी झाला, याचा तो आकडा नाहीच. दिव्यांगत्वाचे टक्के वैद्यकीय मंडळ ठरवतं. ते सांधे किती हलतात, मूठ वळते का, ताकद किती, हे तपासतं. एखाद्याचा फक्त पंजा भाजलेला असतो, पण बोटं चिकटून गेलेली असतात. दुसऱ्याचा अख्खा हात भाजलेला असतो आणि तो लोणच्याची बरणी एका हातानं उचलतो. बहुतेक सवलतींसाठी ४० टक्के लागतात. अर्ज स्वावलंबन पोर्टलवर करायचा. त्यातून यूडीआयडी कार्ड मिळतं. जखम भरून, व्यायाम करून झाल्यावरही हात अडत असेल तर जाऊन तपासून घ्या. घरी बसून टक्के ठरवू नका.

एक गोष्ट कागदाबाहेरची. जुन्या भाजल्याच्या व्रणावर नवी जखम झाली आणि ती आठवडे उलटले तरी भरत नसेल, कडा जाड होत असतील, रक्त किंवा घाण वास येत असेल, तर मलम लावत बसू नका. जुन्या व्रणात क्वचित, बऱ्याच वर्षांनी, कातडीचा कॅन्सर होतो. सर्जनला दाखवा, तुकडा तपासून घ्या. तेव्हा ‘जुनं भाजलेलं आहे’ एवढंच सांगून थांबू नका. ही जखम कधी सुरू झाली ते वेगळं सांगा, म्हणजे तिची नोंदही वेगळी होईल.

एवढं करूनही क्लेम नाकारला गेला, तर नाकारल्याचं कारण लेखी मागा. पॉलिसीतल्या कोणत्या कलमाखाली नाकारलं, ते त्यात असलं पाहिजे. सौंदर्य शस्त्रक्रियेचं कलम लावलं असेल तर तुमच्याकडे डॉक्टरांचं पत्र आहे, अंशांचा आकडा आहे, जुने कागद आहेत. ते जोडून कंपनीच्या तक्रार विभागाला लिहा. कोड चुकला असेल तर हॉस्पिटलकडून दुरुस्त पार्ट-बी घेऊन तोही जोडा.

महिनाभरात उत्तर आलं नाही, किंवा पटलं नाही, तर विमा लोकपालाकडे जा. मुंबई आणि पुण्यात त्यांची कार्यालयं आहेत. गोव्याच्या लोकांनी मुंबईला लिहायचं. फी नाही, वकील लागत नाही, आणि ५० लाख रुपयांपर्यंतच्या तक्रारी तिथे चालतात. कंपनीच्या शेवटच्या उत्तरापासून एक वर्षाच्या आत अर्ज गेला पाहिजे. अर्ज मराठीत लिहिलात तरी निदानाची ओळ कार्डावर जशी आहे तशीच उतरवा, आणि सुनावणीला पेशंटला सोबत न्या. कोपर किती सरळ होतं ते तिथेच दाखवता येईल.